गुरिया लांचखुती: सहा हजार वस्तीच्या गावाचा क्लब सोव्हिएत फुटबॉलच्या पहिल्या विभागात कसा पोहोचला?

२६ जून २०२४ रोजी युरो या युरोपीय देशांच्या स्पर्धेत, जर्मनीतल्या गेल्सनकिर्शेनच्या मैदानावर जॉर्जियाने पोर्तुगालला २-० असं हरवलं. दुसऱ्याच मिनिटाला ख्विचा क्वारात्स्खेलियाचा गोल, उत्तरार्धात जॉर्जेस मिकाउताद्झेची पेनल्टी. आयुष्यातली पहिलीच मोठी स्पर्धा खेळणारा हा देश थेट बाद फेरीत गेला. पुढे २०२५ मध्ये क्वारात्स्खेलिया पॅरिस सेंट-जर्मेनकडून चॅम्पियन्स लीग जिंकला, अंतिम सामन्यात त्याने गोलही केला. तेव्हापासून अनेकांना प्रश्न पडलाय, की पुणे जिल्ह्यापेक्षा कमी लोकसंख्येच्या या देशात फुटबॉल एवढा मुरला कसा?

उत्तर शोधायला लोक सहसा राजधानीतल्या दिनामो तिबिलिसीकडे जातात. ते साहजिक आहे. १९६४ आणि १९७८ मध्ये सोव्हिएत संघाचं विजेतेपद, १९८१ मध्ये युरोपातला कप विनर्स कप, एवढी मोठी कमाई त्या क्लबच्या नावावर आहे. पण जॉर्जियन फुटबॉलचं खरं गणित मला एका छोट्या गावात जास्त स्पष्ट दिसतं. त्या गावाचं नाव लांचखुती आणि क्लबचं नाव गुरिया. १९८७ साली हा क्लब स्पार्टाक मॉस्को आणि दिनामो कीव्हच्या बरोबरीने एकाच तक्त्यात होता. आज तो जॉर्जियाच्याही पहिल्या विभागात नाही. हे का झालं, ते मुळापासून पाहू.

## लांचखुती आहे तरी कुठे?

पश्चिम जॉर्जियात काळ्या समुद्राजवळ गुरिया नावाचा छोटा प्रांत आहे. क्लबने प्रांताचंच नाव घेतलं. हवा दमट, पाऊस भरपूर, टेकड्यांवर चहा आणि सखल भागात संत्री-मोसंबीच्या जातीची फळं. सामत्रेदिया ते बातुमी या रेल्वेमार्गावर लांचखुती लागतं. २०१४ च्या जनगणनेत गावाची लोकसंख्या सुमारे ६,४०० भरली. सोव्हिएत काळात ती थोडी जास्त होती, तरी आपल्याकडे तालुक्याचं ठिकाण म्हणतो त्याहून लहानच. याच गावात नोए झोर्दानिया जन्मले, जे १९१८ ते १९२१ या काळातल्या पहिल्या जॉर्जियन प्रजासत्ताकाच्या सरकारचे प्रमुख होते. राजकारणाची धग या मातीत आधीपासून होती.

आणि चेंडूचं वेडही. लांचखुतीच्याच परिसरात शुखुती नावाचं खेडं आहे. तिथे दर ईस्टरच्या रविवारी 'लेलो बुर्ती' नावाचा खेळ होतो. चामड्याचा चेंडू शिवतात, त्यात माती ठासून भरतात, वर वाइन ओततात. वजन होतं सुमारे १६ किलो. मग वरचं शुखुती विरुद्ध खालचं शुखुती. किती माणसांनी उतरायचं याला मर्यादा नाही, मैदानाला रेघा नाहीत. शेकडो पुरुषांचा एकच घोळका रस्त्यावरून, कुंपणांवरून, ओल्या शेतातून रेटारेटी करत सरकतो. चेंडू आपल्या बाजूच्या ओढ्यापलीकडे नेला की डाव जिंकला. जिंकलेला चेंडू गावातल्या दिवंगताच्या कबरीवर ठेवतात. फुटबॉलशी या खेळाचं थेट नातं नाही. पण आपल्या वस्तीच्या बाजूने चेंडूमागे उतरणं ही इथे किती गंभीर गोष्ट आहे, ते यावरून कळतं.

## आधी शिडी समजून घ्या

आयपीएल पाहणाऱ्यांना एक गोष्ट नवी वाटेल. आपल्या या लीगमध्ये कितीही वाईट खेळा, पुढच्या वर्षी जागा पक्की. युरोपात आणि सोव्हिएत संघात तसं नव्हतं. विभाग एकाखाली एक असायचे. तळाचे क्लब खालच्या विभागात जायचे आणि खालच्या विभागातले पहिले क्लब त्यांच्या जागी वर यायचे. यात गावाची लोकसंख्या किंवा मालकाची श्रीमंती कुणी विचारत नसे, गुण विचारत.

सोव्हिएत शिडीच्या टोकाला सर्वोच्च लीग होती. १९८७ मध्ये तिच्यात १६ क्लब होते आणि प्रत्येकाला ३० सामने. त्याखाली पहिली लीग. नाव 'पहिली' असलं तरी ती दुसरी पायरी, आणि तिथे एका मोसमात चाळीसहून अधिक सामने खेळावे लागत. त्याखाली प्रांतवार गटांत विभागलेली दुसरी लीग. सगळ्यात खाली प्रत्येक प्रजासत्ताकाच्या आपापल्या स्पर्धा. लांचखुतीसारख्या गावाला तळापासून टोकापर्यंत जायला रस्ता होता. लांब, पण उघडा.

१९८७ चे ते १६ क्लब जरा पाहा. मॉस्कोचे चार: स्पार्टाक, दिनामो, टॉर्पेडो आणि लष्कराचा सीएसकेए. युक्रेनचे चार: कीव्ह, निप्रोपेत्रोव्स्क, दोनेत्स्क आणि खारकीव्ह. लेनिनग्राडचा झेनित. मग मिन्स्क, विल्निअस, येरेवान, बाकू, अल्मा-अता आणि तिबिलिसी या प्रजासत्ताकांच्या राजधान्या. हे झाले पंधरा, सगळे राजधान्यांचे किंवा प्रचंड औद्योगिक शहरांचे. सोळावा लांचखुतीचा.

## पगार कोण द्यायचं?

हा भाग सगळ्यांना गोंधळात टाकतो. सोव्हिएत संघात व्यावसायिक खेळाडू अधिकृतपणे नव्हतेच. कागदावर सगळे हौशी. मग हे लोक वर्षभर सराव कसा करायचे?

आपल्याकडे कोल्हापूर-सांगलीकडच्या साखर कारखान्यांनी पैलवान सांभाळलेले आहेत. पैलवानाला कारखान्याकडून मानधन, त्याचं काम तालमीत घाम गाळणं, आणि तो फडात उतरला की त्याच्या मागे कारखान्याचं नाव. सोव्हिएत फुटबॉल साधारण याच पद्धतीने चालायचा, फक्त देशभर आणि सरकारी शिक्क्याने. खेळाडू हजेरीपटावर कुठल्यातरी संस्थेचा नोकर असे. सीएसकेएचे खेळाडू लष्करात, दिनामोचे गृहखात्याच्या आणि सुरक्षा यंत्रणेच्या छत्राखाली, लोकोमोटिव्हचे रेल्वेत, टॉर्पेडोचे मोटारींच्या कारखान्यात. पगाराबरोबर घर मिळायचं आणि घराचं मोल पगाराहून जास्त, कारण ते पैसे देऊन विकत घेण्याची सोय नव्हती.

छोट्या गावात ही जबाबदारी स्थानिक पक्ष समिती, सामूहिक शेती आणि कारखान्यांवर पडायची. गुरियाकडे चहा होता. सोव्हिएत संघात पिकणारा बहुतेक चहा जॉर्जियातून जायचा. तिथे ६० हजार हेक्टरांहून जास्त जमिनीवर चहाचे मळे होते आणि गुरिया त्यातला महत्त्वाचा पट्टा. गिऱ्हाईक ठरलेलं, भाव सरकारने ठरवलेला, माल खपण्याची चिंता नाही. ज्या गावाच्या अर्थव्यवस्थेला अशी हमी आहे, ते गाव फुटबॉल संघ पोसू शकतं. क्लबला तिकीटविक्रीवर किंवा जाहिरातींवर जगायचं नव्हतं. गावात सहा हजार माणसं आहेत की सहा लाख, यावर त्याचं पोट अवलंबून नव्हतं.

माझ्या मते सगळ्या कहाणीची किल्ली इथे आहे. क्लब कुठवर जाईल, हे त्याचा खर्च कोण उचलतं आणि त्याला कुणाशी खेळायला मिळतं यावर ठरतं. गावाचा आकार त्यानंतर येतो.

## हा शेवर्दनाद्झेंचा वशिला नव्हता का?

जॉर्जियाचा थोडाफार इतिहास माहीत असलेला माणूस हा प्रश्न विचारणारच. एदुआर्द शेवर्दनाद्झे यांचा जन्म १९२८ मध्ये लांचखुती जिल्ह्यातल्याच मामाती खेड्यात झाला. १९७२ ते १९८५ ते जॉर्जियाच्या कम्युनिस्ट पक्षाचे सर्वेसर्वा, १९८५ पासून गोर्बाचेव्ह यांचे परराष्ट्रमंत्री, पुढे स्वतंत्र जॉर्जियाचे अध्यक्ष. लांचखुतीच्या स्टेडियमला आज त्यांचे थोरले बंधू एवग्राफी यांचं नाव आहे. सोव्हिएत काळात ते स्टेडियम एवढं मोठं होतं, की सगळं गाव येऊन बसलं तरी बाकं उरावीत.

आता एवढं सगळं असताना त्या नावाचा काहीच फायदा झाला नसेल, असं म्हणणं भाबडेपणाचं ठरेल. त्या व्यवस्थेत सिमेंट, घरं, नोकऱ्या, चांगल्या खेळाडूला गावात थांबवून ठेवणं, सगळं वरच्या मर्जीने हलायचं. पण मर्जीलाही मर्यादा असते. शेवर्दनाद्झे १९८५ च्या जुलैत तिबिलिसी सोडून मॉस्कोला गेले. गुरिया वर चढला १९८६ च्या मोसमात, म्हणजे त्यानंतर. तो मोसम चाळीसहून जास्त सामन्यांचा, सायबेरियापासून बाल्टिकपर्यंतच्या मैदानांवरचा. आणि वशिल्याने जागा मिळत असती तर पुढच्याच वर्षी तळाला जाण्याची नामुष्की का आली असती?

निकाल आधीच ठरवण्याचे प्रकार नव्हते का, असंही कुणी म्हणेल. होते, आणि ते एका प्रांतापुरते नव्हते. दोन संघांनी संगनमताने बरोबरी साधायची आणि एकेक गुण वाटून घ्यायचा, हे इतकं बोकाळलं, की १९७८ पासून बरोबरीवर मर्यादाच घालावी लागली. गुरिया वरच्या लीगमध्ये खेळला तेव्हा दहाहून जास्त बरोबऱ्यांचे गुण धरत नसत. रोग साऱ्या लीगचा होता. त्याचा ठपका एकट्या लांचखुतीवर ठेवणं अन्यायाचं होईल.

## वर, खाली, पुन्हा वर

१९८६ मध्ये पहिल्या लीगमधून दोन क्लब वर आले: सीएसकेए मॉस्को आणि गुरिया लांचखुती. एकामागे सोव्हिएत लष्कर, दुसऱ्यामागे चहाचे मळे. त्याच वर्षी जॉर्जियाचं दुसरं मोठं शहर कुताइसी, तिथला टॉर्पेडो वरच्या लीगमधून खाली घसरला होता. त्यामुळे १९८७ मध्ये दिनामो तिबिलिसीच्या जोडीला जॉर्जियाचा दुसरा प्रतिनिधी म्हणून उभं राहिलं हे गाव.

समोर कोण होतं याची कल्पना यावी म्हणून सांगतो. प्रशिक्षक वालेरी लोबानोव्स्कीच्या दिनामो कीव्हने १९८६ मध्ये कप विनर्स कप जिंकला होता आणि मेक्सिकोतल्या विश्वचषकाचा सोव्हिएत संघ बहुतांशी त्याच क्लबच्या खेळाडूंनी भरला होता. निप्रो १९८३ चा विजेता, झेनित १९८४ चा. असे संघ लांचखुतीच्या मैदानावर येत होते. परतीच्या सामन्याला गुरियाच्या पोरांना लेनिनग्राडच्या थंडीत किंवा हजारो किलोमीटर दूर अल्मा-अताला जावं लागायचं. विजेतेपद स्पार्टाकने घेतलं. गुरिया शेवटच्या, सोळाव्या स्थानावर राहिला. पंधराव्या स्थानावर सीएसकेए. एकत्र वर आलेले दोघे एकत्रच खाली गेले.

बहुतेक छोट्या क्लबांची गोष्ट इथे संपते. एकदा वर जायचं, मार खायचा, परत यायचं, आणि नातवंडांना सांगायचं. गुरियाने तसं केलं नाही. १९८९ मध्ये पहिल्या लीगमध्ये सीएसकेए पहिला आला आणि गुरिया दुसरा. दोघांना पुन्हा वरची दारं उघडली. १९८७ चं यश निव्वळ नशिबाचं होतं असं ज्यांना वाटतं, त्यांनी हे दुसरं चढणं पाहावं. एकाच गावाने तीन मोसमांच्या अंतराने तोच कडा दोनदा चढलाय.

## मग १९९० मध्ये ते खेळलेच का नाहीत?

कारण दरम्यान देश बदलला होता. ९ एप्रिल १९८९ रोजी तिबिलिसीत स्वातंत्र्य मागणाऱ्या शांत जमावावर सोव्हिएत सैन्य घातलं गेलं. वीसच्या आसपास माणसं मेली, त्यात बहुतांश स्त्रिया. त्यानंतर मॉस्कोच्या छत्राखाली काहीही करणं जॉर्जियन माणसाला जड जाऊ लागलं. फुटबॉलही.

१५ फेब्रुवारी १९९० रोजी जॉर्जियाचा स्वतंत्र फुटबॉल महासंघ स्थापन झाला. दिनामो तिबिलिसीला १९८१ चा युरोपीय चषक जिंकून देणारे प्रशिक्षक नोदार आखालकात्सी त्याचे अध्यक्ष. जॉर्जियन क्लबांनी सोव्हिएत स्पर्धांतून बाहेर पडायचं ठरवलं. तारखा लक्षात घ्या: देशाने स्वातंत्र्य जाहीर केलं ९ एप्रिल १९९१ ला, फुटबॉलने त्याच्या वर्षभर आधी. दिनामो आणि गुरिया मोसम सुरू होण्याआधी बाहेर पडले, विल्निअसचा झालगिरीस एक सामना खेळून निघून गेला. सोव्हिएत लीग १६ वरून १३ क्लबांवर आली.

दिनामोसाठी हा निर्णय मोठा होताच. पण दिनामो त्या लीगमध्ये कित्येक दशकं खेळला होता. गुरियाने नुकतंच चढून मिळवलेलं, हातात आलेलं तिकीट परत केलं. मला या क्लबबद्दल सगळ्यात जास्त आदर इथे वाटतो.

नव्या राष्ट्रीय लीगचा पहिला सामना ३० मार्च १९९० ला झाला. दिनामोने इबेरिया हे नाव घेतलं होतं आणि पोती बंदरातल्या कोल्खेतीने त्याला १-० हरवलं. तरी वर्षअखेर विजेता इबेरियाच ठरला. दुसरा आला गुरिया, आणि १९९० चा जॉर्जियन कपही गुरियाने जिंकला. म्हणजे नव्या लीगच्या पहिल्या वर्षात हा देशातला दुसरा सर्वोत्तम क्लब होता.

## एवढा चांगला क्लब ढासळला कसा?

दोन्ही आधार एकदम गेले.

पहिला आधार म्हणजे प्रतिस्पर्धी. नव्या महासंघाला फिफा आणि युएफा या युरोपीय फुटबॉल संघटनेची मान्यता मिळाली १९९२ मध्ये. तोपर्यंत जॉर्जियन क्लबांना युरोपची दारं बंद. काल-परवापर्यंत कीव्ह आणि स्पार्टाकशी खेळण्याची स्वप्नं पाहणारा संघ आता फक्त देशांतर्गत सामने खेळत होता. ज्यांना जमलं ते खेळाडू परदेशी गेले.

दुसरा आधार म्हणजे खर्च उचलणारा. सोव्हिएत बाजारपेठ संपली तसा चहाचा ठरलेला गिऱ्हाईक गेला. मळे ओस पडले, झुडपं रानात मिसळली. डिसेंबर १९९१ मध्ये तिबिलिसीच्या रस्त्यांवर तोफा चालल्या, १९९२-९३ मध्ये जॉर्जियातून फुटू पाहणाऱ्या अबखाझियाचं युद्ध, १९९३ च्या शरदात गुरियाला लागून असलेल्या सामेग्रेलोत यादवी. वीज तासन्तास नसायची. कूपन नावाचं तात्पुरतं चलन रद्दी झालं आणि लारी आलं १९९५ मध्ये. ज्या घरात पाव कुठून आणायचा ही चिंता होती, तिथे क्लबला वर्गणी कोण देणार?

घाईच्या नव्या व्यवस्थेत दिनामोही घसरला. १९९३ मध्ये चॅम्पियन्स लीगच्या पात्रता फेरीत उत्तर आयर्लंडच्या लिनफिल्डला मैदानात मागे टाकूनही, पंचांना लाच देण्याच्या प्रयत्नावरून युएफाने त्यांना बाद केलं. पण दिनामोकडे राजधानी होती, मोठं स्टेडियम होतं, विकता येतील असे खेळाडू घडवण्याची यंत्रणा होती. लांचखुतीकडे यातलं काही नव्हतं.

## मग स्वातंत्र्यामुळे क्लब बुडाला म्हणायचा?

असं म्हणणारे भेटतात, पण मला ते पटत नाही. गुरिया सोव्हिएत लीगमध्ये थांबला असता तरी फार तर दोन मोसम मिळाले असते. ती लीग १९९१ च्या मोसमानंतर संपली, त्या वर्षाच्या डिसेंबरात देशच संपला. चहाची हमीही त्याच वेळी गेली असती. सीएसकेएचं उदाहरण पाहा. गुरियाबरोबर वर आलेला हा क्लब १९९० मध्ये दुसरा आला, १९९१ मध्ये शेवटचा सोव्हिएत विजेता झाला आणि २००५ मध्ये युएफा कप जिंकला. त्याचं छत्र आणि त्याचं महानगर टिकलं, म्हणून तो टिकला. तेवढंच टिकाऊ काही लांचखुतीत कधीच नव्हतं.

छोट्या गावाला जॉर्जियात जमतच नाही, हेही खरं नाही. बोल्निसीचा सिओनी २००६ मध्ये विजेता झाला, गोरीचा दिला २०१५ मध्ये. झेस्ताफोनी हे फेरोअलॉय म्हणजे लोखंडाच्या मिश्रधातूंच्या कारखान्याचं गाव. तिथला क्लब २०११ आणि २०१२ असा सलग दोनदा विजेता झाला आणि काही वर्षांतच वरच्या विभागातून बाहेर फेकला गेला. खर्च उचलणारा भक्कम असेपर्यंत वर, तो डळमळला की खाली. सोव्हिएत काळात हे चक्र फिरायला दशकं लागायची, आता चार-पाच वर्षं पुरतात.

## शिडी पुन्हा मिळाली ती राष्ट्रीय संघाला

जॉर्जिया युरो २०२४ पर्यंत पोहोचला तो नेहमीच्या पात्रता गटातून नव्हे. युएफाने नेशन्स लीग सुरू केली. त्यात बरोबरीच्या ताकदीचे देश एका विभागात खेळतात, जिंकणारा वरच्या विभागात जातो आणि पात्रतेची आणखी एक संधीही कमावतो. जॉर्जिया तिसऱ्या विभागात आपल्या गटात पहिला आला. मग लक्झेंबर्गला २-० हरवलं आणि २६ मार्च २०२४ ला तिबिलिसीत ग्रीसला पेनल्टी शूटआउटमध्ये ४-२. जुन्या पद्धतीत स्पेन-इटलीच्या गटात अडकून दरवेळी चौथं-पाचवं येणाऱ्या देशाला आपल्या मापाची पायरी मिळाली आणि तो तीवरून चढला. १९८६ मध्ये लांचखुतीने सोव्हिएत विभागांतून हेच केलं होतं.

क्लब पातळीवर मात्र शिडी अरुंद झालीये. गुरिया २०१३ मध्ये पुन्हा देशाच्या पहिल्या विभागात आला आणि २०१६ मध्ये बाहेर पडला. २०१७ पासून त्या विभागात दहाच क्लब ठेवलेत. दर्जा वाढावा, पैसा विखरू नये, हा हेतू समजण्यासारखा आहे. पण दहा जागांतल्या मोठ्या वाट्यावर तिबिलिसी, कुताइसी, बातुमी यांसारख्या शहरांचे क्लब बसल्यावर गावांसाठी फार थोड्या उरतात. छोटे क्लब आता मुख्यतः नगरपालिकेच्या अनुदानावर चालतात, आणि लोक कामासाठी तिबिलिसीला किंवा परदेशी जात असल्यामुळे गुरियासारख्या प्रांताची लोकसंख्या १९८९ पासून घटत आलीये. लांचखुतीच्या क्लबला परत वर यायचं असेल तर मुलं घडवून ती मोठ्या क्लबांना विकणं हा एकच उत्पन्नाचा मार्ग मला दिसतो. क्वारात्स्खेलियानंतर युरोपीय क्लबांसाठी खेळाडू हेरणारे लोक जॉर्जियात वरचेवर येऊ लागलेत. त्यांच्यातले काही तिबिलिसीवरून बातुमीच्या गाडीत बसून लांचखुतीला उतरावेत, यासाठी तिथे आधी एक चांगलं मैदान आणि मुलांना रोज शिकवणारे, वेळेवर पगार मिळणारे दोन-तीन प्रशिक्षक लागतील.